पूल, पाऊस आणि पासपोर्ट



बऱ्याच दिवसांनी लिहितोय. एरवी मी नुसता वाचकच, तेव्हा सांभाळून घ्या. आज एका माणसाबद्दल सांगायचं आहे. तो डच होता, सिनेमावाला होता, आणि आपल्या सगळ्यांच्या जिव्हाळ्याच्या एका गोष्टीनं त्याला आयुष्यभर छळलं. ती गोष्ट म्हणजे पासपोर्ट. पण सुरुवात एका पुलापासून करतो, कारण माझी आणि त्याची ओळख त्या पुलामुळेच झाली.

मी राहतो रॉटरडॅमला. इथे नदीच्या फाट्यावर एक जुना लोखंडी रेल्वेपूल आहे. दोन बाजूंना दोन उंच मनोरे, आणि मधला अख्खा गर्डर लिफ्टसारखा सरळ वर जातो, म्हणजे खालून जहाजं जाऊ शकतात. इथले लोक त्याला प्रेमानं 'दे हेफ' म्हणतात. शब्दशः मराठी करायचं तर 'उचल्या' होईल, पण आपल्याकडे त्याचा भलताच अर्थ निघेल, म्हणून जाऊ दे :-) हा पूल १९२७ साली सुरू झाला. १९९३ साली रेल्वे नदीखालच्या बोगद्यातून जायला लागली आणि पूल रिकामा झाला. पाडायचं घाटत होतं, पण लोकांनी पाडू दिला नाही.

२०२२ साली या पुलाचं नाव जगभरच्या पेपरात आलं. ॲमेझॉनच्या जेफ बेझोससाठी इथल्या एका कंपनीनं शिडाची प्रचंड याट बांधली. तिच्या डोलकाठ्या इतक्या उंच की ती पुलाखालून जाईना. तेव्हा पुलाचा मधला भाग तात्पुरता काढावा असा प्रस्ताव आला. गावात असा काही भडका उडाला की विचारू नका. याट जाताना तिच्यावर नासकी अंडी फेकायचे बेत लोक उघडपणे करत होते. शेवटी कंपनीनं माघार घेतली आणि डोलकाठ्या न लावताच याट दुसरीकडे ओढून नेली.

मी ऑफिसमधल्या एका वयस्कर डच सहकाऱ्याला विचारलं, की बाबा रे, तीस वर्षं ज्यावरून एक गाडी गेली नाही, त्या लोखंडावर एवढं प्रेम का? तो म्हणाला, "त्यावरची फिल्म बघ, मग बोल."

फिल्म पाहिली. नाव 'दे ब्रुख', म्हणजे 'पूल'. साल १९२८, मूकपट, जेमतेम बारा-पंधरा मिनिटांचा. त्यात गोष्ट नाही, नट नाहीत. गाडी येते, सिग्नल पाहून थांबते, पूल वर जातो, जहाजं जातात, पूल खाली येतो, गाडी पुढे निघते. बस्स. पण मंडळी, मी मूळचा मेकॅनिकलवाला (पुढे सगळ्यांसारखाच आयटीत वाहून गेलो), आणि आयुष्यात पहिल्यांदा मला कोणीतरी पुली, दोरखंड आणि काउंटरवेट यांच्याकडे माझ्याच डोळ्यांनी बघितलंय असं वाटलं. ज्यानं ती बनवली त्याचं नाव योरिस ईव्हन्स. मग वाचत गेलो, मिळतील त्या फिल्म पाहत गेलो, आणि पुलावरून सुरू झालेलं प्रकरण थेट सिडनी, सुराबाया आणि मुंबईपर्यंत पोहोचलं.

*

ईव्हन्सचा जन्म १८९८ सालचा, नायमेखन गावचा. आजोबा फोटोग्राफर. वडिलांची कॅमेरे आणि फोटोचं सामान विकायची दुकानं. तेराव्या वर्षी यानं घरातल्या सगळ्यांना रेड इंडियन बनवून एक छोटी फिल्म काढली. म्हणजे पोराच्या हातात कॅमेरा होताच. वडिलांचा प्लॅन अगदी आपल्या घरांतल्यासारखा: मुलानं शिकावं आणि दुकान सांभाळावं. त्याप्रमाणे तो रॉटरडॅमला अर्थशास्त्र शिकला, मग बर्लिनला फोटोचं रसायनशास्त्र, मग जर्मनीतल्या कॅमेऱ्यांच्या कारखान्यांत उमेदवारी. परत येऊन ॲमस्टरडॅमच्या शाखेचा मॅनेजर झाला. सगळं ठरल्यासारखं.

बिनसलं ते १९२७ साली. पुडोव्हकिनचा 'आई' हा रशियन चित्रपट ॲमस्टरडॅममध्ये जाहीरपणे दाखवायला बंदी झाली, म्हणून काही कलाकार मंडळींनी तो खासगीत दाखवला. त्यातून 'फिल्मलीगा' नावाची संस्था निघाली, आपल्या फिल्म सोसायट्यांसारखी. ईव्हन्स तिथे तांत्रिक बाजू बघायचा. युरोपातले मोठमोठे दिग्दर्शक आपापली रिळं घेऊन यायचे आणि हा ती रिळं हातात घेऊन शॉट कसे जोडलेत ते तपासायचा. आजच्या भाषेत सांगायचं तर दुसऱ्यांचा सोर्स कोड वाचून शिकला.

'पूल' नंतर १९२९ साली 'रेखन', म्हणजे 'पाऊस'. मानुस फ्रांकन हा त्यात सहकारी. ॲमस्टरडॅमवर पावसाची सर येते आणि जाते, एवढंच बारा मिनिटांत आहे. पण ती एक सर त्यानं काही महिन्यांच्या वेगवेगळ्या पावसांतून जोडली. शहरभर मित्र पेरून ठेवले होते. त्याला हवा तसा पाऊस ज्याच्या भागात पडेल त्यानं फोन करायचा, की हा कॅमेरा घेऊन हजर! कॅमेरा छोटा, हातात मावणारा. कालव्याच्या पाण्यावर पडणारा पहिला थेंब, मग छत्र्या, मग ट्रामच्या ओल्या काचा. आपल्याकडचा पाऊस आणि इथली ही दिवसभराची चिरचिर यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे, हे मान्य. पण ही फिल्म पाहिल्यापासून इथल्या पावसाला शिव्या देणं मी जरा कमी केलंय.

*

सिनेमाच्या पुस्तकांत ईव्हन्सला 'स्वतंत्र चित्रपटकार' म्हणतात. मी प्रोजेक्टवाला माणूस, त्यामुळे माझ्या डोक्यात पहिला प्रश्न येतो तो असा: स्वतंत्र ते ठीक आहे, पण बिल कोणी भरलं? फिल्म म्हणजे कविता नव्हे. कच्ची फिल्म, लॅब, प्रवास, लोकांचे पगार, सगळ्याला पैसे लागतात. ईव्हन्स कुठल्या स्टुडिओच्या नोकरीत अडकला नाही. म्हणजेच प्रत्येक वेळी त्याला कोणीतरी क्लायंट शोधावा लागला. त्याची कारकीर्द ही बरीचशी त्या क्लायंटांचीच यादी आहे.

सुरुवातीला वडिलांचं दुकान. मग डच बांधकाम कामगारांची युनियन. तिच्यासाठी केलेल्या कामातून झाउडरझी समुद्र अडवण्याच्या प्रकल्पावरच्या फिल्म निघाल्या. तीसेक किलोमीटरचा बांध घालून समुद्राचा तुकडा तोडायचा आणि त्यातून शेतजमीन काढायची, असं ते अचाट काम. २८ मे १९३२ रोजी बांधाचं शेवटचं भगदाड बुजवलं. त्या प्रसंगाच्या चित्रीकरणात त्यानं कॅमेरे वाटून दिले होते: एक जमिनीच्या बाजूनं, एक समुद्राच्या बाजूनं, एक माणसांच्या आणि क्रेनच्या बाजूनं. 'नवी जमीन' (१९३३) मधला तो भाग पाहताना क्रिकेटच्या शेवटच्या ओव्हरसारखा श्वास रोखला जातो. आणि मग अचानक फिल्म वळण घेते. एवढ्या कष्टानं काढलेल्या जमिनीत गहू पिकला, पण जगभर मंदी. भाव पडू नयेत म्हणून धान्याची नासाडी चालू, आणि दुसरीकडे भुकेल्यांचे मोर्चे. विजयगाथा म्हणून सुरू झालेली फिल्म अशी संपते.

१९३१ साली फिलिप्स कंपनीनं आइंडहोवनच्या कारखान्यावर फिल्म करायला सांगितलं. त्यानं यंत्रं सुंदर दाखवली, पण तोंडानं काच फुंकणाऱ्या कामगारांचे टम्म फुगलेले गाल आणि घामेजलेले चेहरेही दाखवले. पैसा कंपनीचा, पण नजर ह्याची. पुढेही हेच. १९६० च्या सुमारास इटलीच्या सरकारी तेल कंपनीच्या प्रमुखानं, एन्रिको मात्तेईनं, 'इटली गरीब देश नाही' अशा नावाची फिल्म करून घेतली. ह्यानं दक्षिण इटलीतली गरिबी त्यात घातली, आणि तिथल्या सरकारी टीव्हीनं काटछाट करूनच ती दाखवली. अशा वेळी माणूस आवडायला लागतो.

मधल्या काळात तो डावीकडे झुकला होता, हे वेगळं सांगायला नको. १९३४ साली आन्री स्टॉर्क या बेल्जियन सहकाऱ्याबरोबर बोरिनाझमधल्या खाणकामगारांवर फिल्म केली. संप फसलेला, लोक घराबाहेर काढलेले, आणि हे दोघं पोलिसांची नजर चुकवत चित्रीकरण करताहेत. १९३७ साली स्पेनच्या यादवी युद्धावर 'स्पॅनिश अर्थ', ज्याचं निवेदन खुद्द हेमिंग्वेनं लिहिलं आणि वाचलं. ती व्हाइट हाउसमध्ये रूझवेल्टना दाखवली गेली. १९३८ साली चीन. तिथून निघताना स्वतःचा कॅमेरा गुपचूप कम्युनिस्टांच्या तळाकडे पाठवून दिला. १९४० साली चक्क अमेरिकन सरकारसाठी खेड्यांतल्या विजेवर फिल्म. एकेकाळी आपल्याकडे सिनेमाच्या आधी फिल्म्स डिव्हिजनची 'धरणं आणि कालवे' छापाची फिल्म लागायची ना, तसलाच विषय. पण एका शेतकरी कुटुंबाच्या घरात पहिला दिवा लागण्याची ती गोष्ट आजही बघवते.

आता येतो मूळ मुद्द्यावर.

*

१९४४ साली डच सरकारनं ह्याच ईव्हन्सला ईस्ट इंडीजचा, म्हणजे आजच्या इंडोनेशियाचा, फिल्म कमिशनर नेमलं. तेव्हा तिथे जपान्यांचा कब्जा होता आणि डच वसाहतीचं सरकार ऑस्ट्रेलियात बसून दिवस मोजत होतं. जपानी हरले की त्या मुक्तीचं चित्रण करायचं, हे काम. पगार होता, हुद्दा होता, आणि राणी विल्हेल्मिनानं १९४२ च्या डिसेंबरात रेडिओवरून, युद्धानंतर वसाहतींशी नातं बदलेल असं आश्वासनही दिलं होतं. ईव्हन्सनं ते खरं धरलं.

१५ ऑगस्ट १९४५ ला जपाननं शरणागती जाहीर केली. दोनच दिवसांनी, १७ ऑगस्टला, सुकार्नो आणि हत्ता यांनी इंडोनेशियाचं स्वातंत्र्य जाहीर केलं. डच सरकारनं ते मानलं नाही. ऑस्ट्रेलियाच्या बंदरांत डच जहाजं उभी होती. त्यांवर सैन्य आणि शस्त्रं चढवून जावाला पाठवायची घाई सुरू झाली. पण त्या जहाजांवरचे खलाशी बरेचसे इंडोनेशियनच होते, आणि ते जहाजं सोडून खाली उतरले. पाठोपाठ ऑस्ट्रेलियन गोदी कामगारांनी डच जहाजांवर बहिष्कार टाकला. मग चिनी खलाशी आले, आणि आपले हिंदी खलाशीही.

ईव्हन्सपुढे दोन रस्ते होते. गप्प बसून पगार घ्यायचा आणि 'मुक्ती'चं चित्रण करायचं, किंवा सोडायचं. नोव्हेंबर १९४५ मध्ये त्यानं सिडनीत पत्रकारांना बोलावून राजीनामा जाहीर केला. ज्या स्वातंत्र्याच्या वचनावर नोकरी धरली, तेच वचन सरकार मोडतंय, असा त्याचा मुद्दा होता.

मग तिथेच, युनियनवाल्यांच्या मदतीनं आणि इकडून तिकडून जमवलेल्या सामानावर, त्यानं बावीस-तेवीस मिनिटांची 'इंडोनेशिया कॉलिंग' केली. बराचसा कॅमेरा मॅरियन मिशेल या त्याच्या सहकारिणीनं चालवला, कारण ह्याला दम्यानं घेरलं होतं. निवेदन पीटर फिंचचं, जो पुढे हॉलिवूडचा मोठा नट झाला. फिल्म कामचलाऊ आहे. काही प्रसंग घडून गेल्यावर पुन्हा करून घेतलेत, ते कळतात. पण त्यात एक दृश्य आहे जे मी तीनदा मागे नेऊन पाहिलं.

हिंदी खलाशी घेऊन एक जहाज बंदराबाहेर निघालंय. मागून एक लाँच धावते. लाँचवरून भोंग्यातून हाका मारल्या जातात, की परत फिरा, हे जहाज इंडोनेशियातल्या आपल्या भावांवर चाललंय. आणि जहाज परत फिरतं.

पुढच्या काळातल्या संशोधकांनी कागदपत्रं तपासून दाखवलं की ह्या बहिष्कारात हिंदी खलाशांची स्वतःची संघटना फिल्ममध्ये दिसते त्याहून कितीतरी जास्त पुढे होती. फिल्ममध्ये त्यांना दुसऱ्यांनी समजावलं असं वाटतं. प्रत्यक्षात त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती. ही माणसं पारतंत्र्यातल्या देशाची, हातावर पोट असलेली. काम सोडलं की पगार गेला, आणि परमुलखात अडकून पडायचं. तरी त्यांनी काम सोडलं.

आता त्याच वेळी दुसरीकडे काय चाललं होतं बघा. जपान्यांना निःशस्त्र करायच्या नावाखाली ब्रिटिशांनी जावात जे सैन्य उतरवलं, ते मुख्यतः हिंदी सैन्य होतं. १९४५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात सुराबायाला जी भीषण लढाई झाली, तिच्यात मराठा लाइट इन्फन्ट्रीचे जवान होते. आपल्या साताऱ्या-कोल्हापूरकडची मुलं, ज्यांचा इंडोनेशियाशी काडीचा संबंध नव्हता, ती तिथे मेली आणि त्यांनी मारलंही. आणि फेब्रुवारी १९४६ मध्ये मुंबईत 'तलवार'वरून नाविकांचं बंड पेटलं, तेव्हा त्यांच्या मागण्यांत जेवण आणि पगाराबरोबर एक मागणी अशी होती: इंडोनेशियातून हिंदी सैन्य परत बोलवा.

नाविकांचं बंड आपण शाळेत दोन ओळींत शिकलो. ही मागणी मला तरी आठवत नव्हती. ती मला एका डच माणसाच्या फिल्ममुळे कळली, तेही वयाच्या पस्तिशीत, रॉटरडॅममध्ये बसून. असो.

*

आता पासपोर्ट.

राजीनाम्यानंतर आणि विशेषतः फिल्मनंतर हेगमधल्या सरकारच्या दृष्टीनं ईव्हन्स जवळजवळ देशद्रोहीच होता. इकडे डच सैन्य इंडोनेशियात दोन मोठ्या मोहिमा करत होतं (१९४७ आणि १९४८, ज्यांना सरकारी भाषेत 'पोलीस कारवाई' म्हणत), आणि तिकडे ह्याची फिल्म जगाला सांगत होती की ही लढाई चुकीची आहे. तेव्हा सरकारनं त्याला नेमकं कुठे धरलं? तर पासपोर्टात. मुदत अवघ्या काही महिन्यांची. संपली की पुन्हा वकिलातीत जा, पुन्हा चौकशी, पुन्हा अर्ज. सतत देशोदेशी फिरणं हेच ज्याचं काम, त्याच्यासाठी याचा अर्थ काय होतो ते आपल्या मंडळींना समजावून सांगायला नको. व्हिसा स्टँपिंगसाठी ज्यानं एकदा रात्र जागून काढलीय, त्याला विचारा.

पुढे ईव्हन्सबद्दल एक दंतकथाच झाली, की डच सरकारनं त्याचा पासपोर्ट जप्त केला आणि दहा वर्षं त्याला मायदेशात पाय ठेवता आला नाही. तो स्वतःही असंच सांगायचा. १९९५ साली हान्स स्कोट्स या डच लेखकानं त्याचं चरित्र लिहिलं, सरकारी फायली उघडल्या, आणि चित्र जरा वेगळं निघालं. छळ झाला हे खरं. अडवणूक झाली, पाळत होती, हेही खरं. पण कायमचा हद्दपार वगैरे केलं नव्हतं. तो परत येऊ शकला असता. बराचसा काळ त्यानं स्वतःच पूर्व युरोपात, पुढे पॅरिसमध्ये राहणं पसंत केलं. हे वाचून आधी मला फसवल्यासारखं वाटलं. मग विचार केला, आपण तरी काय करतो? 'कंपनीनं पाठवलं म्हणून आलो' आणि 'मुलांच्या शिक्षणामुळे राहिलो' ही आपली कारणं काही खोटी नसतात, पण ती सगळी खरीही नसतात.

गंमत म्हणजे, ह्याच माणसानं १९२७ साली जर्मेन क्रुल या फोटोग्राफर बाईशी लग्न केलं, त्यामागचं एक कारण तिला डच पासपोर्ट मिळावा हे होतं! तिचा स्वतःचा देशोदेशीचा प्रवास हा वेगळा विषय आहे. म्हातारपणी ती आपल्या डेहराडूनच्या भागात तिबेटी निर्वासितांमध्ये राहिली. स्वतःच्या पासपोर्टानं दुसऱ्याला सोडवणाऱ्या माणसाला वीस वर्षांनी त्याच पासपोर्टानं अडकवलं.

*

इथे थांबलो असतो तर लेख छान झाला असता. सत्यासाठी सरकारी नोकरीवर लाथ मारणारा शूर वीर वगैरे. पण ते अर्धंच झालं असतं.

१९३२ साली ईव्हन्सनं सोव्हिएत युनियनमध्ये माग्नितोगोर्स्कच्या पोलाद कारखान्यावर फिल्म केली. उत्साही तरुण, भट्ट्या, झेंडे. त्याच कारखान्यावर हजारो शेतकरी कुटुंबं जमिनी हिसकावून, हद्दपार करून कामाला जुंपली होती. ती फिल्ममध्ये नाहीत. युद्धानंतर पोलंड, पूर्व जर्मनी इथे त्यानं शांततेच्या आणि मैत्रीच्या नावानं ज्या फिल्म केल्या, त्या आज बघवत नाहीत. अपवाद १९५४ च्या 'नद्यांचं गीत'चा. सहा नद्या आणि त्यांच्या काठचे कामगार, त्यात आपली गंगाही आहे. संगीत शोस्ताकोविचचं, गीत ब्रेख्तचं. भव्य आहे, पण शेवटी तोही प्रचारच.

आणि मग चीन. १९७० च्या दशकात तो आणि त्याची जोडीदार मार्सेलीन लोरिदाँ यांनी चीनमध्ये राहून बारा भागांची, जवळजवळ तेरा तासांची फिल्म मालिका केली: 'युकाँगनं डोंगर कसे हलवले'. औषधाचं दुकान, कारखाना, कोळ्यांचं गाव, शाळा. माणसं इतकी जवळून, इतकी मोकळी दिसतात की चिनी समाज असा त्यापूर्वी बाहेर कोणी पाहिला नव्हता. १९७६ च्या वसंतात ती पॅरिसला लागली, लोकांनी गर्दी केली. त्याच वर्षी सप्टेंबरात माओ गेला, ऑक्टोबरात 'चौकडी'ला अटक झाली, आणि सांस्कृतिक क्रांतीत काय काय झालं ते बाहेर यायला लागलं. मारहाण, छळ, उद्ध्वस्त झालेली माणसं. तेरा तासांत ते नव्हतं.

मी स्वतःशी हा हिशेब मांडायचा प्रयत्न केला. सिडनीतला ईव्हन्स आणि पेकिंगमधला ईव्हन्स हा एकच माणूस. एका ठिकाणी त्याला सरकारचं खोटं लगेच दिसलं, दुसऱ्या ठिकाणी दिसलं नाही. का? मला वाटतं, सिडनीत खोटं बोलत होतं त्याचं स्वतःचं सरकार, आणि ज्यांच्याबद्दल बोलत होतं ते खलाशी त्याच्यासमोर उभे होते. चीनमध्ये तो पाहुणा होता. यजमानांवर त्याचा जीव होता, आणि त्यांनी दाखवलं ते त्यानं पाहिलं. फिलिप्सच्या पैशापुढे तो वाकला नाही, तेल कंपनीपुढे वाकला नाही. ज्यांच्याकडून त्याला पैशापेक्षा आशा मिळत होती, त्यांच्यापुढे मात्र वाकला. म्हणजे 'बिल कोणी भरलं' हा माझा प्रश्नच अपुरा होता. क्लायंटला 'नाही' म्हणणं त्या मानानं सोपं. ज्यांना आपण आपले मानतो त्यांना 'नाही' म्हणणं कठीण.

*

शेवटच्या काळाबद्दल थोडं. १९६६ साली तो रॉटरडॅमवरच फिल्म करायला परत आला होता, म्हणजे दारं बंद नव्हतीच. पण खरी दिलजमाई झाली १९८५ साली. डच सांस्कृतिक मंत्री एल्को ब्रिंकमन यांनी त्याला पुरस्कार देताना जाहीरपणे मान्य केलं, की तेव्हाच्या वादात इतिहासानं विरोधकांपेक्षा ईव्हन्सलाच जास्त बरोबर ठरवलं. म्हाताऱ्याला हे ऐकायला मिळालं, चाळीस वर्षांनी.

शेवटची फिल्म, 'वाऱ्याची गोष्ट', १९८८ सालची. दम्यानं बेजार झालेला नव्वदीचा म्हातारा चीनमध्ये जातो, कशासाठी? तर वाऱ्याचं चित्रीकरण करायला! ज्याला श्वास पुरत नाही तो वारा पकडायला निघालाय. यात तो स्वतःच दिसतो, वाळवंटात खुर्ची टाकून बसलेला. एका प्रसंगात मातीच्या सैनिकांच्या त्या प्रसिद्ध संग्रहालयात चित्रीकरणाच्या परवानगीवरून अधिकाऱ्यांशी हुज्जत चालते. शेवटी तो नकली पुतळे आणून आपलंच सैन्य उभं करतो. मला हे त्याचं उशिरा आलेलं 'नाही' वाटलं. जून १९८९ मध्ये बीजिंगच्या चौकात विद्यार्थ्यांवर रणगाडे घातले गेले, तेव्हा त्यानं त्याचा निषेध केला. त्याच महिन्यात, २८ तारखेला, तो पॅरिसला वारला.

नेदरलँड्सचा हिशेब मात्र त्यानंतरही चालूच राहिला. २०२० साली राजे विलेम-अलेक्झांडर यांनी इंडोनेशियात जाऊन डचांच्या अत्याचारांबद्दल माफी मागितली. २०२२ साली मोठ्या संशोधन प्रकल्पाचा अहवाल आला आणि पंतप्रधान रुटे यांनी माफी मागितली. १७ ऑगस्ट १९४५ हीच इंडोनेशियाच्या स्वातंत्र्याची तारीख, हे त्यांनी संसदेत निःसंदिग्धपणे मान्य केलं ते २०२३ साली. १९४५ च्या नोव्हेंबरात एका फिल्मवाल्याला जे कळलं होतं ते राष्ट्राला कळायला अठ्ठ्याहत्तर वर्षं लागली. आणि ज्या खलाशांना ते त्याच्याही आधी कळलं होतं, त्यांची नावंसुद्धा आपल्याला माहीत नाहीत.

हे सगळं आत्ताच लिहावंसं का वाटलं तेही सांगतो. माझ्या टेबलावर डच नागरिकत्वाचा अर्ज पडून आहे. कागद सगळे जमलेत, भाषेची परीक्षा झाली, फक्त सही बाकी आहे. आपल्या देशात दुहेरी नागरिकत्व नाही, म्हणजे निळा पासपोर्ट परत करावा लागेल. ओसीआय कार्ड मिळेल, ठीक आहे. बायको म्हणते, व्यवहार बघ. वडील फोनवर काही म्हणत नाहीत, आणि तेच जड जातं. ईव्हन्सच्या गोष्टीतून या प्रश्नाचं उत्तर मिळत नाही, मिळावं अशी अपेक्षाही नव्हती. पण एवढं समजलं, की कुठल्याही रंगाच्या पासपोर्टाबरोबर त्या देशाचा जुना हिशेबही खिशात येतो. सही केली तर सुराबाया दोन्ही बाजूंनी माझं होणार आहे. मराठा पलटणीचं तर ते आहेच.

असो, फार लांबलं. 'पूल' आणि 'पाऊस' इंटरनेटवर सहज मिळतात, दोन्ही मिळून अर्धा तासही लागत नाही, मुलांनाही दाखवा. 'इंडोनेशिया कॉलिंग' मिळाली तर जरूर बघा. आणि आपल्यापैकी कोणाच्या घरी आजोबा-पणजोबा तेव्हा बोटीवर होते, किंवा पलटणीबरोबर जावाला गेले होते, अशी काही आठवण असेल तर कृपया लिहा. पत्र असो, फोटो असो, नुसती ऐकीव गोष्ट असो. ही माणसं कुठल्या फिल्ममध्ये नीट आलेली नाहीत.

चू. भू. द्या. घ्या.

आपला,
(सही न केलेला) रॉटरडॅमकर